नवी पेठेतली 'सोलापुरीच की' आणि कन्ना चौकातली यंत्रमागाची चादर

जन्म सोलापुरात गेला असूनही मी चादरीत फसलो, ही कबुली आधी देऊन टाकतो. बहिणीला देण्यासाठी गेल्या महिन्यात नवी पेठेतील एका मोठ्या दुकानातून ३५० रुपयांना चादर घेतली. "ही सोलापुरीच आहे ना?" असे मी विचारले, तेव्हा विक्रेता हसून म्हणाला, "सोलापुरात घेताय साहेब, सोलापुरीच की!" घरी घडी उलगडली, तर मोराची नक्षी एकाच बाजूला होती; दुसरी बाजू फिकट आणि धाग्यांची टोके लोंबणारी. अस्सल सोलापुरी चादर जॅकार्डवर, म्हणजे नक्षी विणणारी यंत्रणा बसवलेल्या मागावर, दुहेरी विणलेली असते, त्यामुळे नक्षी दोन्ही बाजूंना उमटते, फक्त रंगांची अदलाबदल होते: एकीकडे तांबड्यावर पांढरी दिसणारी वेल चादर उलटली की पांढऱ्यावर तांबडी दिसते. हे लहानपणापासून ठाऊक असूनही दुकानात मी चादर उलटून पाहिली नाही, ही चूक माझीच.

पण तो विक्रेता खोटे बोलला का? शब्द धरून बसले, तर त्याचे वाक्य अर्धे खरे आहे, कारण चादर मी सोलापुरातच घेतली होती. योगसूत्रांवरील व्यासभाष्य मात्र शब्दांपाशी थांबत नाही. आपल्याला झालेला बोध दुसऱ्याच्या मनात पोहोचवण्यासाठी उच्चारलेली वाणी 'वञ्चिता', 'भ्रान्ता' किंवा 'प्रतिपत्तिवन्ध्या' नसावी, म्हणजे फसवी, चुकलेली किंवा ऐकणाऱ्याला काहीच न उमगणारी नसावी, तरच ती सत्य, असे भाष्यकार म्हणतात. यातील फसव्या वाणीचे उदाहरण म्हणून या भाष्याचे टीकाकार वाचस्पती मिश्र यांनी युधिष्ठिराने द्रोणांना दिलेले उत्तरच घेतले आहे. अश्वत्थामा नावाचा हत्ती खरोखर मेला होता, 'कुंजर' हा शब्दही धर्मराजाने पुटपुटला होता, तरीही जमिनीपासून चार अंगुळे वर चालणारा त्याचा रथ खाली टेकलाच. नवी पेठेतला तो 'की' मला याच जातीचा वाटतो. 'सोलापुरी म्हणजे एक प्रकार, गाव नव्हे' हा बचावही चालणार नाही, कारण सोलापुरी चादरीला १९९९ च्या कायद्याखाली भौगोलिक मानांकन मिळालेले आहे आणि त्यामुळे ते नाव घेणे म्हणजे गावाची हमी देणे आहे.

दुसरी चादर मी कन्ना चौकाजवळच्या एका लहान दुकानातून घेतली. हा अभिप्राय खरे तर त्याच दुकानाचा आहे. नाव लिहू नका, शेजारचे व्यापारी नाराज होतील, असे मालकांनी सांगितल्यामुळे ते येथे देत नाही. (न सांगणे आणि खोटे सांगणे यांतला फरक ते माझ्यापेक्षा चांगला जाणतात.) माझ्याआधी खांद्याला पिशवी लावलेला एक प्रवासी उभा होता, त्याला संध्याकाळची हैदराबादची गाडी गाठायची होती. त्याने स्वस्तातली चादर उचलली तेव्हा मालक आपण होऊन म्हणाले, "ही आपल्याकडची नव्हं, पानिपतची हाय. वापरायला चांगली हाय, पण सोलापुरी म्हणून नेऊ नका." प्रवाशाने तीच नेली.

जर्मन तत्त्वज्ञ कांट यांनी १७८५ मध्ये अशाच एका दुकानदाराचे उदाहरण दिले होते. तो अजाण गिऱ्हाइकालाही, अगदी लहान मुलालाही, वाजवी भावानेच माल देतो. पण तसे वागण्यात त्याचाच फायदा असल्यामुळे तो कर्तव्य म्हणून प्रामाणिक राहतो की धंदा म्हणून, हे बाहेरून कळत नाही. एरवी मला ही शंका फार ताणल्यासारखी वाटते. गाडीला निघालेले, पुन्हा कधी न फिरकणारे गिऱ्हाईक समोर असताना मात्र मालकांचा कोणता फायदा होता, हे मला सापडले नाही.

आता उणिवा. दुकानात उजेड कमी आहे आणि एकच नळी जळते, त्यामुळे रंग पाहायला चादर रस्त्यावर आणावी लागते. नमुने सात-आठच आहेत, भाव कमी होत नाही आणि दुपारी दुकान बंद असते. माझी चादर ७८० रुपयांना पडली, म्हणजे पहिलीच्या दुपटीहून जास्त. पहिल्या धुण्यात थोडा रंग सुटेल, मिठाच्या पाण्यात वेगळी भिजवा, असे त्यांनी बजावले होते. तांबडा रंग सुटला आणि दुसऱ्या धुण्यात थांबला. वीण घट्ट आहे, दोन्ही बाजू वापरता येतात, आणि हिवाळ्यातल्या पहाटे दुलईवर घ्यायला पुरेशी जड आहे.

निघताना मी सहज विचारले, "हातमागाची आहे का?" ते म्हणाले, "नाही, यंत्रमागावरची. हातमागाची म्हणून कुणी देत आसंल, तर पावतीवर लिहून मागा." माझ्या पावतीवर त्यांनी निळ्या शाईने 'सोलापुरी, यंत्रमाग, १ नग' असे लिहून दिले आहे.