नानांच्या कार्डावरची लंडनची खरेदी

बाकी काही वाचलं नाहीत तरी चालेल, एवढं मात्र वाचा. क्रेडिट कार्डावर तुम्ही न केलेला खर्च पडला, तर बँकेला कळवायची तीन कामकाजी दिवसांची मुदत स्टेटमेंट हातात पडल्यापासून मोजत नाहीत. त्या व्यवहाराचा एसएमएस किंवा ईमेल आला, तिथपासून मोजतात. रिझर्व्ह बँकेच्या 6 जुलै 2017 च्या परिपत्रकाने तसं ठरवून दिलं. चूक बँकेची नाही, ग्राहकाचीही नाही, तिसऱ्याच कुणी कार्डाची माहिती लांबवली, अशा प्रकरणात तीन दिवसांच्या आत कळवलं तर ग्राहकावर एका रुपयाचाही बोजा येत नाही. चौथ्या ते सातव्या दिवसात कळवलं, तर पाच लाखांपर्यंत मर्यादा असलेल्या क्रेडिट कार्डाला 10,000 रुपयांपर्यंत आणि त्याहून मोठ्या मर्यादेच्या कार्डाला 25,000 रुपयांपर्यंत फटका बसू शकतो. सात दिवस उलटले की बँकेच्या संचालक मंडळाचं जे धोरण असेल ते. महिन्याअखेर चष्मा लावून, पेन्सिल घेऊन स्टेटमेंट तपासणारी शिस्तीची माणसं इथेच मार खातात.

माझे वडील त्यातलेच. जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त झालेले, सांगलीत राहतात. आम्ही सगळे त्यांना नाना म्हणतो. कार्ड त्यांच्या नावावर, त्यावरच एक जोडकार्ड बंगळूरला असलेल्या माझ्या भावाकडे. मी चाकणच्या एका कारखान्यात हिशेब सांभाळते, त्यामुळे घरातल्या अशा भानगडी माझ्याकडेच येतात.

त्या सोमवारी नानांचा फोन आला तो 11,490 रुपयांवरून. स्टेटमेंटवर ‘इन्फिनिटी रिटेल’ असं नाव होतं. हे कोण, कुठले, आपण यांच्याकडून काय घेतलं? मी म्हटलं, "नाना, ते क्रोमा आहे. तुम्ही आणि आई वॉटर प्युरिफायर घेऊन आलात ना, तोच." पलीकडून काही क्षण आवाज नाही. मग कळलं की फोन करायच्या आधीच त्यांनी इंटरनेटवर या नावाचा कस्टमर केअर नंबर शोधला होता, तिथे फोनही लावला होता. पलीकडच्या गोड आवाजाच्या माणसाने "काका, काळजी करू नका, व्यवहार रद्द करून देतो" म्हणत व्हॉट्सअ‍ॅपवर एक फाइल पाठवली होती. ती मोबाइलमध्ये टाकायची आणि स्क्रीन दाखवायची, मग पैसे परत, असा त्याचा हिशेब. नाना बिचारे फाइल उघडायची कशी, हे विचारायला मला फोन करत होते.

म्हणजे पाहा, खर्च खरा, दुकान खरं, वस्तू स्वयंपाकघरात भिंतीवर लटकलेली, आणि त्या पायी खातं रिकामं व्हायची वेळ. शोधयंत्रावर वर दिसणारा नंबर कुणीही चढवू शकतो. नंबर घ्यायचा तो कार्डाच्या मागचाच, नाहीतर बँकेच्या अ‍ॅपमधला.

अनोळखी नावांनी इतकं घाबरायचं कारण नसतं. स्टेटमेंटवर दुकानाची पाटी छापून येत नाही. कार्ड स्वाइप करायचं मशीन किंवा ऑनलाइन पैसे घेणारं खातं ज्या कंपनीच्या नावे नोंदवलेलं असतं, तिचं नाव येतं, तेही काही अक्षरांनंतर तोडलेलं. डी-मार्टचं ‘अ‍ॅव्हेन्यू सुपरमार्ट्स’, वेस्टसाइड आणि झुडिओचं ‘ट्रेंट’, डॉमिनोजचं ‘ज्युबिलंट फूडवर्क्स’, आपल्याकडच्या मॅकडोनाल्ड्सचं ‘हार्डकॅसल रेस्टॉरंट्स’, बुकमायशोचं ‘बिगट्री एंटरटेनमेंट’, ओलाचं ‘एएनआय टेक्नॉलॉजीज’, रॅपिडोचं ‘रोपेन ट्रान्सपोर्टेशन’. मध्ये पैसे वळते करणारी रेझरपे किंवा पेयूसारखी कंपनी असली तर आधी तिचं नाव आणि मागून दुकानाची चार अक्षरं. गावाचंही तेच. खरेदी सांगलीत, पण मशीन मुख्य कार्यालयाच्या पत्त्यावर घेतलेलं, म्हणून ओळीत मुंबई. रुपे क्रेडिट कार्ड यूपीआयला जोडलं असेल तर भाजीवाल्याचं, इस्त्रीवाल्याचं पाळण्यातलं नाव दिसतं, जे आपण आयुष्यात ऐकलेलं नसतं. नावाच्या मागे लागण्यापेक्षा रक्कम आणि तारीख धरून ईमेल, एसएमएस आणि घरातली माणसं धुंडाळा. तारीखही एक-दोन दिवस इकडेतिकडे धरा, कारण खरेदीचा दिवस वेगळा आणि खात्यावर चढल्याचा दिवस वेगळा असू शकतो.

खरी चोरी त्याच पानावर, थोडी खाली होती. नानांनी तिच्यासमोर पेन्सिलीने बरोबरची खूण केलेली.

मोठ्या मॉलमध्ये जिचं दुकान असतं अशी ती कपड्यांची परदेशी कंपनी. भाऊ तिथूनच शर्ट घेतो, हे नानांना ठाऊक. त्यामुळे शुक्रवारी पहाटे आलेले एसएमएस त्यांनी वाचले आणि ‘पोराने कपडे घेतले’ म्हणून सोडून दिले. दोन ओळी होत्या, एक सतरा हजारांच्या आसपास, दुसरी चोवीस हजारांच्या. मला दोन गोष्टी खटकल्या. नावापुढे ‘लंडन जीबी’ होतं, जीबी म्हणजे ग्रेट ब्रिटन, आणि रुपयांशेजारी पौंडातली रक्कम. आणि मुख्य म्हणजे या ओळी भावाच्या कार्डाखाली नव्हत्या. आमच्या बँकेत जोडकार्डाचा क्रमांक वेगळा असतो, स्टेटमेंटमध्ये शेवटच्या चार आकड्यांनुसार खर्चाचे गट पाडलेले असतात. हा खर्च नानांच्या मूळ कार्डावर पडला होता, आणि ते कार्ड त्यांच्या पाकिटात होतं.

मग मागचं स्टेटमेंट काढायला लावलं. त्यात त्याच लंडनचा एक खर्च मिळाला, पंच्याऐंशी रुपयांचा. चोरलेला क्रमांक चालतो का, मालक जागा आहे का, हे पाहायला आधी अशी चिल्लर टाकून बघतात. कुणी ओरडलं नाही की मग मोठा घास. शंभराच्या आतली, कशाची ते न आठवणारी रक्कम मला आता हजारांच्या रकमेपेक्षा जास्त भीतिदायक वाटते.

"ओटीपी तर आलाच नाही," नाना सारखं म्हणत होते. बरोबरच होतं त्यांचं. भारतातल्या ऑनलाइन व्यवहाराला ती दुसरी पडताळणी लागते. परदेशातल्या अनेक संकेतस्थळांवर मात्र कार्डाचा क्रमांक, मुदत आणि मागचे तीन आकडे एवढ्यावर काम भागतं. यासाठीच कार्डाचा परदेशी वापर चालू-बंद करायचं बटण अ‍ॅपमध्ये असतं. रिझर्व्ह बँकेच्या नियमाने 1 ऑक्टोबर 2020 पासून नवीन कार्ड फक्त भारतातल्या एटीएम आणि दुकानातल्या मशीनपुरतंच चालू करून मिळतं, बाकीचं आपण चालू करायचं. नानांचं सिंगापूरच्या सहलीवेळी चालू झालेलं, ते तसंच राहिलं होतं.

क्रम महत्त्वाचा आहे. आम्ही आधी कार्ड बंद केलं आणि चौकशा नंतर. कार्डाच्या मागे छापलेल्या नंबरवर फोन, कार्ड ब्लॉक, तक्रार क्रमांक. मग 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन आणि राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर नोंद, तिचा पोच क्रमांक. मग बँकेला ईमेल, त्यात हे सगळे क्रमांक. फोनवरच्या पोराने "पोलीस तक्रारीची प्रत आल्याशिवाय नोंद होत नाही" असं ठोकून दिलं. तसं नाही. तक्रार आल्याबरोबर क्रमांकासकट पोच द्यायला बँक बांधील आहे, आणि कळवल्यानंतर जे नुकसान होईल ते बँकेचं. मी एवढंच म्हटलं की तुम्ही नकार देताय, तर तो नकार लेखी पाठवा. नोंद झाली. सुदैवाने मधला शनिवार दुसरा होता, रविवार आलाच, त्यामुळे शुक्रवारचे एसएमएस असूनही आम्ही पहिल्याच कामकाजी दिवशी कळवलं असं ठरलं. पंच्याऐंशी रुपयांची मुदत केव्हाच गेली होती.

पुढच्या गमतीत दोन सापळे आहेत, दोन्ही बँकेच्याच घरचे. तक्रार चालू असताना नानांना बँकेतून एका मुलीचा फोन आला, की तुमच्या चोवीस हजारांच्या खरेदीचे सुलभ हप्ते करून देऊ का! हो म्हटलं असतं तर ती खरेदी आपलीच, हे आपणच कबूल केल्यासारखं झालं असतं. दुसरा सापळा शेवटच्या तारखेचा. वादातली रक्कम असली म्हणून बिलच थांबवून ठेवायचं नाही. बाकीचा खर्च आम्ही वेळेत भरला, वादातली रक्कम वगळली आणि तसं ईमेलने कळवलं. फसवणूक म्हणून वाद घातलेल्या रकमेवर निकाल लागेपर्यंत कसलाही आकार लावायचा नाही, असं रिझर्व्ह बँकेच्या कार्डांविषयीच्या 2022 च्या निर्देशांनी ठरवून दिलं. तरी पुढच्या स्टेटमेंटमध्ये व्याज लागून आलंच. ते उलटवायला पुन्हा ईमेल. संगणक नियम वाचत नाही, त्याला वाचून दाखवावे लागतात.

कळवल्यापासून दहा कामकाजी दिवसांत वादातली रक्कम खात्यावर जमा दाखवावी लागते. ती दिसली तेव्हा नाना खूश झाले, आईने शिराही केला. पण ही जमा तात्पुरती असते. पुढे बँक दुकानदाराच्या बँकेकडे दावा लावते, दुकानदार आपली कागदपत्रं पाठवतो, आणि त्यावर ठरतं. आमच्याकडे उत्तर आलं की व्यवहार योग्य आहे, दुकानदाराने पुरावा दिला आहे, तक्रार बंद. आणि जमा झालेली रक्कम परत आमच्याच खर्चात धरली गेली.

पुष्कळ लोक इथे हात टेकतात. मी तो पुरावा मागून घेतला. नानांच्या नावाचं बिल होतं आणि माल पोहोचवल्याचा पत्ता ब्रिटनमधल्या एका गावातला. दुकानदार खोटं बोलत नव्हता, त्याने माल खरंच पाठवला होता. चोराला! म्हणजे हा पुरावा आमच्याच बाजूचा. नानांचा पासपोर्ट, त्यावर ब्रिटनचा शिक्का नसल्याची पानं, त्या आठवड्यात सांगलीतल्या औषधाच्या दुकानात कार्ड वापरल्याची ओळ, सगळं जोडलं आणि बँकेच्या नोडल अधिकाऱ्याला, म्हणजे न सुटलेल्या तक्रारी पाहणाऱ्या वरच्या अधिकाऱ्याला, लिहिलं. ग्राहकाची जबाबदारी सिद्ध करायचं ओझं बँकेवर आहे, ग्राहकावर नाही, हे 2017 च्या परिपत्रकातलं वाक्य त्यात मुद्दाम घातलं. एकूण निवाड्याला 90 दिवसांची मर्यादा आहे, तीही घातली. आणि शेवटी, तक्रारीला 30 दिवस होऊन गेले असल्याने आता रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जात आहोत, हेही. ती तक्रार ऑनलाइन, फुकट करता येते, वकील लागत नाही. आम्हाला तिथवर जावं लागलं नाही. दोन्ही रकमा परत आल्या, या वेळी कायमच्या.

तरी बेरीज जुळेना. परदेशी चलनातल्या प्रत्येक खर्चामागे आमची बँक स्वतःचा साडेतीन टक्के मार्कअप, म्हणजे वरचा आकार, लावते, त्यावर 18 टक्के जीएसटी, आणि ते स्टेटमेंटवर वेगळ्या ओळींत पडतं. मूळ खरेदी परत केली तरी या ओळी आपोआप परत येत नाहीत. आमचे सोळाशे-सतराशे रुपये असेच अडकले होते. त्यासाठी वेगळं पत्र द्यावं लागलं. पंच्याऐंशी रुपये बुडाले ते बुडाले.

जुनं कार्ड बंद झालं की त्याला जोडलेले विम्याचे, वीजबिलाचे, मोबाइलचे आपोआप हप्ते नव्या कार्डावर जातीलच असं नाही, ते एकेक करून तपासा. आमचा विम्याचा हप्ता थोडक्यात वाचला.

ज्यांच्यावर ही वेळ आली असेल त्यांना उपयोगी पडेल म्हणून नोडल अधिकाऱ्याला पाठवलेल्या पत्राचा मधला भाग देते. तारखा आणि क्रमांक तुमचे घाला:

"सदर व्यवहार मी केलेले नाहीत व करण्यास कोणासही संमती दिलेली नाही. कार्ड संपूर्ण काळ माझ्या ताब्यात होते. ओटीपी अथवा पिन मी कोणासही दिलेला नाही. व्यवहाराची सूचना मिळाल्यापासून तीन कामकाजी दिवसांच्या आत मी बँकेस कळवले असून तक्रार क्रमांक सोबत दिला आहे. आपण पाठवलेल्या कागदपत्रांत माल पोहोचवल्याचा जो पत्ता दिसतो, त्याच्याशी माझा कोणताही संबंध नाही. तरी मूळ रक्कम, त्यावरील परकीय चलन आकार, जीएसटी व लावलेले व्याज हे सर्व माझ्या खात्यावर कायमस्वरूपी जमा करावे, आणि आपला निर्णय वेगळा असल्यास तो कारणांसह लेखी कळवावा."