आधी प्सेलोस वाचावा की ॲना? दोन्ही वाचून झालेल्याचं मत

बायझंटाईन, म्हणजे कॉन्स्टँटिनोपल राजधानी असलेल्या पूर्व रोमन साम्राज्याच्या, इतिहासावरचं एखादं आजच्या काळातलं पुस्तक वाचून झालं की त्याच काळातल्या माणसाने लिहिलेलं काहीतरी वाचावंसं वाटतंच, आणि अकरावं शतक आवडत असेल तर फिरून फिरून दोन नावं समोर येतात, दरबारी मायकेल प्सेलोस याची क्रोनोग्राफिया आणि बादशहा अलेक्सिऑसची मुलगी ॲना कॉम्नेने हिची अलेक्सियाड. मी दोन्ही वाचली, इंग्रजीतून, ग्रीक मला येत नाही, त्यामुळे मूळ भाषेच्या गोडीबद्दल मी काही बोलत नाही. पण आधी कुठलं घ्यावं असं कुणी विचारलं तर आता माझ्याकडे उत्तर आहे. तुमचं वेगळं असू शकेल.

मी सुरुवात ॲनापासून केली. बहुतेक जण तशीच करतात, कारण पहिलं क्रुसेड, म्हणजे जेरुसलेम जिंकायला निघालेल्या पश्चिम युरोपातल्या ख्रिश्चनांची मोहीम, तिच्या पुस्तकात आहे. आणि तो भाग खरंच सोन्यासारखा आहे. एक फ्रँक सरदार शपथविधीच्या वेळी सरळ बादशहाच्या आसनावर जाऊन बसतो आणि त्याच्याच बरोबरचा बाल्डविन त्याला हाताला धरून उठवतो, हे वाचताना तो दरबार डोळ्यासमोर उभा राहतो. क्रुसेडचा एक पुढारी बोहेमंड तर तिने असा रंगवलाय की बस, उंची, बारीक कंबर, रुंद खांदे, कानापर्यंत कापलेले केस, गुळगुळीत दाढी केलेला चेहरा. हा माणूस तिच्या वडिलांचा शत्रू, तिला त्याचा राग आहे आणि तरी नजर हटत नाहीये हे प्रत्येक ओळीत कळतं. तोच बोहेमंड पुढे मेल्याचं सोंग घेऊन शवपेटीतून निसटतो आणि वास खरा वाटावा म्हणून सोबत मेलेला कोंबडा ठेवतो, हेही तीच सांगते. हे घडलं का, मला शंका आहे. पण सांगावं तर असं.

मग मी अडकलो कुठे, तर सातव्या पुस्तकाच्या (या ग्रंथांच्या भागांनाही पुस्तकंच म्हणतात) आसपास. आणि कारण एकच, नावं. ॲना तिच्या काळातल्या लोकांना त्यांच्या चालू नावाने क्वचितच हाक मारते. उत्तरेकडच्या भटक्या पेचेनेग टोळ्या म्हणजे सिथियन. तुर्क म्हणजे कधीकधी पर्शियन. पश्चिमेकडून आलेले कधी लॅटिन, कधी फ्रँक, पण फार वेळा केल्ट. सर्ब म्हणजे डाल्मेशियन. बादशहाचे उत्तर युरोपातून आलेले वरांगियन शिपाई म्हणजे थूलेहून, जुन्या ग्रीकांच्या मते जगाच्या उत्तर टोकाहून, आलेले कुऱ्हाडवाले. तिच्या दृष्टीने हे बरोबरच होतं, हिरोडोटसच्या काळापासूनची जुनी ग्रीक नावं वापरणं म्हणजे चांगलं शिक्षण झाल्याची खूण, आणि रानटी नावांनी आपलं गद्य बिघडू नये म्हणून ती खरंच काळजी करते, एका ठिकाणी तर अशी नावं घ्यावी लागली म्हणून होमरचा दाखला देते. मला तिचं हे समजतं. पण रात्री जेवणं झाल्यावर अर्धा तास वाचणाऱ्या माणसाला त्याचा फार त्रास होतो. मी पुस्तकाच्या मागच्या कोऱ्या पानावर पेन्सिलीने तक्ता केला, डावीकडे तिचं नाव, उजवीकडे खरं कोण ते, आणि दर दोन पानांनी मागे उलटून बघायचं. त्यात ती युद्धं एकात एक गुंतलेली, इकडे डॅन्यूबवर सिथियन, तिकडे स्मर्नाला आरमार बांधून बसलेला तुर्क सरदार चाका, आणि सालं जवळपास नाहीतच, मधूनमधून ती बापाची आठवण काढून थांबते आणि मग पुन्हा मूळ गोष्टीकडे वळते. १०९१ साली लेबूनियनला पेचेनेगांचा जवळजवळ निर्वंश झाला, ती लढाई २९ एप्रिलची, आणि त्यावर लोकांनी गाणं केलं की एका दिवसासाठी सिथियनांना मे महिना दिसला नाही. अंगावर काटा यावा अशी ओळ आहे. पण मी तिथे पोचलो तेव्हा पेन्सिलीचं पान शोधत होतो, आणि ती ओळ मला दुसऱ्या वाचनात कळली. तिथेच माझं ठरलं.

प्सेलोस हीच सवय ठेवून लिहितो, हे प्रामाणिकपणे सांगायला हवं. त्याच्याकडेही जुनीच नावं आहेत, आणि सालं तर ॲनापेक्षाही कमी. कित्येकदा तो माणसाचं नावच घेत नाही, नुसतं वर्णन करतो. फरक एवढाच की त्याची गोष्ट बहुतेक वेळ राजवाड्यातच घडते. सीमेवरच्या टोळ्या फारशा येत नाहीत म्हणून तक्त्याची गरज पडत नाही. माणसं थोडी आणि ती जवळून दिसणारी. उतारवयातली सम्राज्ञी झोई आपल्या खोलीत अत्तरं आणि सुगंधी लेप बनवतेय, दासी कामाला लावल्यात, आणि भर उन्हाळ्यातही शेगड्या पेटलेल्या. हे सांगणारा माणूस तिच्या दरबारात नोकरीला होता.

आणि १०४२ चा एप्रिल. पाचव्या मायकेलने झोईला हद्दपार केलं, शहर उठलं, बायकासुद्धा रस्त्यावर आल्या, आणि बादशहा आपल्या मामाबरोबर स्टूडिऑस मठाच्या चर्चमध्ये पळाला. प्सेलोस गर्दीबरोबर आत जातो. तो आला तेव्हा त्याच्याही मनात राग होता, पण वेदीला घट्ट धरून बसलेला तो पोरगा बघून त्याला रडू फुटतं. मग दोघांना बाहेर ओढून नेतात आणि डोळे काढतात. मामा गर्दीला जरा मागे सरायला सांगतो आणि स्वतःहून जमिनीवर आडवा होतो, भाचा मात्र आक्रोश करत असतो. इतकी पानं मी एका बैठकीत वाचली आणि नंतर बराच वेळ दुसरं काही वाचवेना.

प्सेलोसची उणी बाजू म्हणाल तर शेवट. डूकास घराणं गादीवर आलं की त्याचा आवाज बदलतो, त्यातला बादशहा सातवा मायकेल त्याचा शिष्य, त्याची स्तुती वाचवत नाही. बादशहा चौथ्या रोमानोसचा त्याला मनापासून राग, त्यामुळे तुर्कांशी झालेल्या १०७१ च्या मांझिकर्टच्या लढाईसाठी त्याच्यावर विसंबू नका, त्यासाठी तिथे प्रत्यक्ष हजर असलेला मायकेल ॲटालिएटीस बघा. रोम आणि कॉन्स्टँटिनोपलच्या चर्चमध्ये १०५४ साली पडलेल्या फुटीबद्दलही या पुस्तकात त्याच्याकडे काही मिळणार नाही. ॲनाही पक्षपातीच, सख्ख्या भावाबद्दल, म्हणजे पुढच्या बादशहाबद्दल, तिची लेखणी फारशी चालत नाही, पण ती बापावर माया करते हे लपवत नाही आणि वाचकाला ते लगेच कळतं. प्सेलोसचा पक्षपात ओळखायला जरा वेळ लागतो.

क्रुसेडसाठीच वाचत असाल तर ॲनाच घ्या, तिला पर्याय नाही. नाहीतर माझं मत प्सेलोसकडे झुकतं. तो लहानही आहे, सात पुस्तकं विरुद्ध पंधरा, आणि काळाच्या क्रमानेही तोच आधी येतो, दुसऱ्या बेसिलपासून सगळं कसं ढिलं होत गेलं ते त्याच्याकडे आणि अलेक्सिऑसने १०८१ नंतर ते कसं सावरलं ते तिच्याकडे. निवडता येत नसेल तर प्सेलोसचं पाचवं पुस्तक आणि ॲनाचं दहावं, एवढीच दोन एका आठवड्यात वाचून बघा, पाचवं आधी.