अपूर्णांकाच्या लाकडी पट्ट्या: पाचवीच्या वर्गात वापरून पाहिलेला संच

दारव्हा तालुक्यातल्या जिल्हा परिषद शाळेत मी पाचवीला गणित शिकवते. हा संच यवतमाळच्या एका दुकानातून 340 रुपयांना घेतला. अखंड पट्टी 60 सेंटिमीटरची, सोबत निम्म्यापासून बाराव्या भागापर्यंतचे तुकडे.

"वावरातला 2/5 कापूस वेचून झाला, तो 8 क्विंटल भरला. एकूण कापूस किती?" असं विचारलं की बरीच पोरं 8 ला 2/5 नं गुणून मोकळी होतात. 8 हा भाग आहे की पूर्ण, हे बघायच्या आधीच हात चालू. शिष्यवृत्तीच्या सरावात गुण जातात ते इथंच. या पट्ट्यांनी ती घाई थांबते. पंचमांशाचे दोन तुकडे शेजारी ठेवायचे, उलटून कोऱ्या लाकडावर दोन्हींत मिळून खडूनं 8 लिहायचं. एका तुकड्यात 4, हे पोरं आपणहून सांगतात. मग पाच तुकडे जोडले की 20 क्विंटल.

उरलेल्याच्या गणितात तर संच फारच कामाचा. "3/8 तूर विकली, 25 पोती उरली." अखंड पट्टीवर तीन तुकडे ठेवले की उरलेली जागा पाच अष्टमांशांची, आणि 25 पोती त्या जागेतली, हे डोळ्यांना दिसतं. एका भागात 5, एकूण 40.

भास्कराचार्यांच्या 'लीलावती'तलं (साधारण 1150) कमळांचं गणितही यावर सुटतं. कमळांचा तिसरा भाग शंकराला, पाचवा विष्णूला, सहावा सूर्याला, चौथा देवीला आणि उरलेली 6 गुरूंना. तर एकूण किती? चारही तुकडे ओळीनं लावले की 57 सेंटिमीटर भरतात, 3 सेंटिमीटर रिकामे राहतात. त्या 3 सेंटिमीटरात 6 कमळं, म्हणून 60 मध्ये 120. वर्गात एकदम गलका झाला!

सातवा भाग संचात नाही, ही मोठी उणीव. छापलेले आकडे लवकर पुसट होतात. सोबतच्या पुस्तिकेत भागावरून पूर्ण काढायचं एकही उदाहरण नाही. ती आपणच तयार करावी लागतात.

चार-पाच पोरांमागे एक संच हवा, नाहीतर मागच्यांना काही दिसत नाही. तेवढा खर्च झेपत नसेल तर पुठ्ठ्याच्या पट्ट्या कापा, पण लांबी 60 सेंटिमीटरच ठेवा.