ल्युसर्नहून फुर्का-ग्रिम्सेल: छोट्या ग्रुपची एक दिवसाची सहल, काही महिन्यांनंतर

जुलैत परत आल्या आल्या हे लिहिलं असतं तर पाचपैकी पाच देऊन मोकळी झाले असते. तेव्हा फोटो पाठवणं चालू होतं आणि क्रेडिट कार्डाचं बिल यायचं होतं. आता बिल भरून झालंय, मावशीचं पार्ल्यातल्या सगळ्या मैत्रिणींना सांगून झालंय आणि ऑफिसमधले तिघं-चौघं मे महिन्यासाठी हीच सहल बुक करायच्या बेतात आहेत. त्यांना एकेकट्याला सांगण्यापेक्षा इथेच लिहिते. आजचे गुण चार.

मे महिन्यात जाणार असाल तर आधी एवढं वाचा. स्वित्झर्लंडमधला फुर्का घाट २४२९ मीटरवर आहे आणि ग्रिम्सेल २१६४ मीटरवर. हिवाळाभर हे दोन्ही घाटरस्ते बर्फाखाली बंद असतात. बर्फ काढून ते खुले व्हायला बहुतेक वर्षी मेअखेर किंवा जून उजाडतो आणि हिवाळा लागला की पुन्हा बंद. आपल्या शाळांची सुट्टी नेमकी त्याआधी. सहलीच्या माहितीत अगदी खाली 'हवामानानुसार मार्ग बदलू शकतो' असं एक निरुपद्रवी वाक्य असतं. मेच्या पहिल्या पंधरवड्यात त्याचा अर्थ घाट नाहीत, दुसरीकडे नेऊ, एवढाच घ्यायचा. दुसरीकडे म्हणजे बहुधा लाउटरब्रुनेन. ते खोरं सुंदरच आहे, सरळ कड्यावरून कोसळणारा २९७ मीटरचा श्टाउबबाख आहे, डोंगराच्या पोटातून घुमत जाणारे ट्रुमेलबाखचे धबधबे आहेत. पण लाउटरब्रुनेनपर्यंत ट्रेन जाते. तिथे जायला व्हॅनचे पैसे कशाला मोजायचे?

आमची सहल ल्युसर्न ते ल्युसर्न, सकाळी आठला निघून संध्याकाळी सहाच्या सुमारास परत, दोनशे किलोमीटरच्या आसपास. आठ प्रवासी आणि एक ड्रायव्हर, तोच गाईड. माणशी दोनशे फ्रँकच्या वर, आणि फ्रँक शंभर रुपयांच्या पुढे गेलेला. जेवण त्यात नाही. हॉटेलवरून पिक-अप असेल असं बुकिंग करताना वाटत होतं, प्रत्यक्षात स्टेशनजवळच्या बस पार्किंगला या असा आदल्या रात्री मेसेज आला. माझं ठीक, पण मावशीचे गुडघे कुरकुरणारे, आणि सकाळच्या गार हवेत तिला तेवढं चालवणं मला पटलं नाही. अर्धा गुण तिथेच गेला.

मावशी याआधी पंचेचाळीस सीटच्या बसमधून युरोप करून आलेली. त्या सहलीबद्दल तिची तक्रार काहीच नाही. रात्री गरम वरणभात मिळाला, सोबतीला आपली माणसं होती, भेंड्या रंगल्या. फक्त स्वित्झर्लंडचं काय आठवतं विचारलं की ती म्हणायची, 'पार्किंग.' म्हणून या वेळी छोटी गाडी, असं तिनेच ठरवलं.

आणि या सहलीची खरी किंमत कशात आहे ते पार्किंगमध्येच कळलं. छापील कार्यक्रमात आधी ब्र्युनिग, मग माइरिंगेन, ग्रिम्सेल, फुर्का आणि शेवटी आन्डरमाट असा क्रम होता. ड्रायव्हरने निघण्याआधी फोनवर घाटमाथ्यांचे वेबकॅम पाहिले. ग्रिम्सेल पांढऱ्या धुक्यात बुडालेला, फुर्का उघडा. 'उलटं जाऊ, दुपारपर्यंत ग्रिम्सेल मोकळा होईल,' म्हणाला आणि गाडी उरी प्रांताच्या दिशेला वळवली. मोठ्या बसला हे जमत नाही. तिचं जेवणाचं हॉटेल ठरलेलं असतं, चाळीस थाळ्यांची वेळ ठरलेली असते. आम्ही ग्रिम्सेलला पोहोचलो तेव्हा आभाळ खरंच निवळलं होतं. सकाळी तिथे गेलेल्या लोकांना काय दिसलं असेल, देव जाणे. घाटमाथ्यावरचे हे कॅमेरे कुणालाही बघता येतात आणि मेटिओस्विस या सरकारी हवामान खात्याचं अ‍ॅपही आहे. पण ते बघून दोनशे किलोमीटरचा दिवस फिरवायला रस्ता ओळखीचा लागतो.

उलट दिशेमुळे सुरुवात आक्सेनश्ट्रासेने झाली. उरीच्या तळ्याच्या काठाने कडा तासून काढलेला हा रस्ता. मग आल्टडॉर्फ, तिथे स्विस दंतकथेतला नेमबाज विल्यम टेल याचा पुतळा बघून पुढे. खरी मजा ग्योशेनेनच्या पुढे, श्योलेनेनच्या घळईत. रॉइस नदी खाली ओरडत असते आणि वर सैतानाचा पूल. कथा अशी की पूल बांधणं माणसांच्या आवाक्यात नव्हतं, सैतानाने बांधून दिला आणि मोबदल्यात पूल ओलांडणारा पहिला जीव मागितला. गावकऱ्यांनी बोकड पुढे केला. मावशीने तिथल्या तिथे विचारलं, 'बोकडाला कुणी विचारलं होतं का?' ड्रायव्हरला याचं भाषांतर करून सांगितलं तर तो इतका हसला की पुढे दिवसभर तो तिला बोकडाची वकील म्हणत होता. चिडलेल्या सैतानाने पूल फोडायला उचललेला म्हणून जो धोंडा दाखवतात, तो १९७०च्या दशकात हमरस्त्याच्या आड आला तेव्हा स्विस लोकांनी फोडला नाही, सरकवला. दोनशे टनांहून जड धोंडा, सव्वाशे मीटरवर नेऊन ठेवला. याच घळईत १७९९ मध्ये सेनापती सुवोरोवचं रशियन सैन्य फ्रेंचांशी लढलं, कड्यावर त्याचं स्मारक कोरलेलं आहे. ही माहिती फलकावरही वाचता आली असती. पण गाडी कुठे लावली की पूल खालून दिसतो आणि मावशीला पायऱ्या उतराव्या लागत नाहीत, हे फलकावर लिहिलेलं नसतं.

आन्डरमाटहून रेआल्प आणि तिथून फुर्काची वळणं. ज्यांना गाडी लागते त्यांनी घाट लागण्याआधी तास-दोन तास गोळी घ्यावी. आम्ही मुंबईहून अ‍ॅव्होमिन नेली होती (डॉक्टरांना विचारून, मावशीची रक्तदाबाची औषधं चालू असल्यामुळे). मागच्या सीटवरच्या एका पोराने घेतली नव्हती आणि पाचव्या-सहाव्या वळणाला गाडी थांबवावी लागली. कुणी कटकट केली नाही. ड्रायव्हरने पाण्याची बाटली दिली, पोराला पुढे बसवलं. चाळीस जणांच्या बसमध्ये तेवढ्यासाठी थांबणं कठीणच.

फुर्काचा माथा ओलांडला की आपण उरी सोडून व्हाले प्रांतात शिरतो आणि थोडं खाली ऱ्होनची हिमनदी येते. त्या वळणावर बेल्व्हेदेर नावाचं जुनं हॉटेल आहे, काही वर्षांपासून बंद. पोस्टकार्डांवर बघितलेलं असेल तुम्ही. हिमनदीच्या टोकाला पांढरी कापडं पांघरलेली दिसली. ऊन परतवून बर्फ जरा हळू वितळावा म्हणून ती दरवर्षी घालतात. खाली वितळलेल्या पाण्याचं तळं, राखाडी-हिरवं. ड्रायव्हरने खोऱ्याच्या तळाकडे बोट दाखवलं. तिथे ग्लेच नावाची चार घरांची वस्ती आहे, आणि एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला हा बर्फ तिथपर्यंत उतरत होता. आता मध्ये उघडा काळा खडक. तिथे आम्ही चाळीस-पंचेचाळीस मिनिटं होतो, कार्यक्रमात वीस लिहिली होती. कुणीतरी चला म्हणेल अशी वाट बघत होते, कुणीच म्हटलं नाही. मला वाटतं या सहलीचे पैसे त्या जास्तीच्या मिनिटांचे होते.

इथे एक गंमत सांगते. ग्लेशियर एक्स्प्रेसची तिकिटं आपले लोक हौसेने काढतात. त्या गाडीला ज्या हिमनदीवरून नाव पडलं ती हीच. पण १९८२ मध्ये फुर्काच्या पोटातून पंधरा किलोमीटरचा बोगदा झाला, आणि तेव्हापासून एक्स्प्रेसमधून ती दिसत नाही. वरचा जुना मार्ग हौशी रेल्वेप्रेमींनी स्वयंसेवेने पुन्हा उभा केला. त्यावर उन्हाळ्यात वाफेची इंजिनं धावतात, त्यातली काही १९९०मध्ये थेट व्हिएतनाममधून परत आणलेली. आमच्या समोरून ग्लेचला एक गाडी धूर सोडत गेली. पुढच्या वेळी मी तिने जाईन.

ग्लेच १७५७ मीटरवर आहे. म्हणजे ज्याला आपण खोऱ्याचा तळ म्हणून वरून बघत होतो, तो कळसूबाईच्या शिखराहून शंभरेक मीटर उंच. हे मी गाडीत मोठ्याने म्हटलं आणि मला व मावशीला सोडून कुणालाच त्याचं काही वाटलं नाही.

ग्रिम्सेलवर चढताना मागे वळून बघा. फुर्काची वळणं एकावर एक रचलेली दिसतात, आपण आत्ताच तिथून उतरलो यावर विश्वास बसत नाही. माथ्यावर पाणलोट बदलतो. अलीकडचं पाणी ऱ्होनमधून भूमध्य समुद्राला, पलीकडचं आरेतून ऱ्हाइनला आणि तिथून उत्तर समुद्राला. पलीकडच्या उतारावर ग्रॅनाइटच्या गुळगुळीत पाठी आणि धरणांची तळी, झाड जवळजवळ नाही. मला हा भाग फुर्कापेक्षाही आवडला. मावशीला अजिबात नाही. 'उजाड आहे गं,' म्हणाली आणि डोळे मिटून बसली.

खाण्याचं थोडक्यात. आन्डरमाटला जेवणाचा थांबा होता. शाकाहारी मंडळींनी आल्पलरमाग्रोनेन मागवावी. मॅकरोनी, बटाटा, भरपूर चीज आणि बाजूला सफरचंदाची गोड चटणी. त्यात बऱ्याचदा बेकनचे तुकडे टाकतात, म्हणून आधीच 'ओने श्पेक' सांगायचं. मावशीने चटणी आणि मॅकरोनी कालवून खाल्ली आणि शेवटी बॅगेतलं लिंबाचं लोणचं काढलंच. माइरिंगेनला सगळे मेरँग खातात, त्यावर थापलेलं घट्ट क्रीम. ती अंड्याच्या पांढऱ्याची असते, न खाणाऱ्यांनी लक्षात ठेवा. इथे दोघांच्या एका जोडप्यामुळे सगळे अडकलो. वीस मिनिटांत परत या म्हटलं होतं, ते खरेदी करत बसले. परिणाम, लुंगेर्नच्या तळ्याशी जेमतेम उतरून पुन्हा चढलो. आठ जणांत एक जोडी बेफिकीर निघाली की तिचा भार उरलेल्यांवर फार पडतो. पंचेचाळिसांच्या बसमध्ये टूर लीडर त्यांना सगळ्यांसमोर ओरडतो तरी. आमचा ड्रायव्हर भिडस्त होता. उरलेला अर्धा गुण इथे गेला.

आता पैशांचं. तुमच्याकडे स्विस ट्रॅव्हल पास असेल आणि पाय धड असतील, तर हेच घाट पिवळ्या पोस्टबसने (स्विस टपाल कंपनीची प्रवासी बस) पासवर होतात. उन्हाळ्यात त्या फुर्का आणि ग्रिम्सेल दोन्हींवरून जातात. वळणावर तीन सुरांचा हॉर्न वाजवतात, तो ऐकायला मजा येते. गाड्या मोजक्या असतात, त्यामुळे वेळापत्रक नीट बसवावं लागतं, जागा आधी राखून ठेवलेली बरी, आणि एक चुकली की माथ्यावर पुढच्या गाडीची वाट बघत कुडकुडायचं. पंचविशीतल्या भाच्याला मी पोस्टबसच सांगितली. तो सप्टेंबरमध्ये जाऊन आला, खूश आहे, आणि आमच्या दोघींच्या खर्चाचा आकडा ऐकून अजून हसतो.

मावशीला मात्र मी पोस्टबसने नेलं नसतं. तिचा प्रत्येक ठिकाणचा पहिला प्रश्न टॉयलेट कुठे हा असतो, आणि ड्रायव्हरला तो दोन थांब्यांतच समजला. पुढे गाडी थांबायच्या आधीच तो हात करून दिशा दाखवायचा. साठीच्या पुढच्या माणसाचा प्रवास सुखाचा होतो की नाही, ते अशाच गोष्टींवर ठरतं.

इतक्या महिन्यांनी काय उरलंय म्हणाल, तर फोटो मी फारसे उघडत नाही. सगळे निळे-पांढरे, एकसारखे. गाडीच्या ग्रुपवर सुरुवातीला रोज मेसेज यायचे, आता फक्त सणांच्या शुभेच्छा. नावं विसरले. पण कुठून कुठे गेलो, कुठला घाट कुठे सुटला, नदी कुठल्या बाजूला होती, हे नकाशा न बघता सांगू शकते. मोठ्या बसने पाहिलेल्या माझ्या इतर कुठल्याच परदेशवारीबद्दल हे सांगता येत नाही. श्रावणात माळशेजला गेलो तेव्हा रस्ताभर मी पाणलोटच शोधत होते. गाडी उभी करायला जागा काही मिळाली नाही, आणि नवरा वैतागला.

बुक करणार असाल तर जूनअखेर ते सप्टेंबर धरा. व्हॅनमध्ये नेमक्या किती सीट आहेत ते लेखी विचारा, कारण 'छोटा ग्रुप' म्हणून एकोणीस सीटची मिनीबसही विकली जाते. पिक-अपची जागाही विचारून घ्या. मुक्काम ल्युसर्नला तीन रात्रींचा असेल तर सहल पहिल्याच दिवशी टाकू नका. आमच्या बुकिंगमध्ये चोवीस तास आधीपर्यंत तारीख फुकट बदलता येत होती, तशी सोय असेल तर मधला दिवस घ्या आणि आदल्या सकाळी अंदाज बघून ठरवा. जुलैतही माथ्यावर वारा बोचतो, कानटोपी न्या. ऑफिसमधल्या मंडळींनी मेच बुक केला असेल, तर मला विचारायच्या आधी रद्द करायची शेवटची तारीख बघा.