सिनेस्टिल ८००टी: अंधाऱ्या पिन-अपसाठी घ्यावा का?

फोटोग्राफर बनी येगरने १९५४ साली पिन-अप मॉडेल, म्हणजे मोहक पोझमधल्या फोटोंची मॉडेल, बेटी पेजला फ्लोरिडाच्या लख्ख उन्हात टिपलं. भर दुपारीही फ्लॅश मारून चेहऱ्यावरची सावली घालवायची ही तिची पद्धत. २००१ मध्ये अमेरिकेतल्या पोर्टलंडला सुइसाइडगर्ल्स ही पिन-अप फोटोंची वेबसाइट सुरू झाली आणि इंटरनेटवर वेगळंच घराणं रुजलं. बेटीची कपाळावर सरळ कापलेली झुलपं राहिली. बाकी टॅटू, रंगवलेले केस, एखादाच दिवा आणि काळोखी खोली. या घराण्याला सिनेस्टिल ८००टीइतका शोभणारा रंगीत फिल्म रोल दुसरा नाही. फक्त लाड फार करून घेतो.

मुळात हा कोडॅकचा व्हिजन३ ५००टी, सिनेमाचा रोल. पाठीवरचा रेमजेटचा काळा थर काढलेला, म्हणून साध्या सी-४१ मध्ये, म्हणजे रंगीत निगेटिव्हच्या नेहमीच्या रसायनात, धुता येतो. आरपार गेलेला प्रकाश तोच थर गिळायचा. आता तो मागून परततो आणि उघड्या बल्बभोवती, निऑनभोवती लाल वलय उमटतं. दोष खरा, पण लोक पैसे त्याचेच मोजतात. तेव्हा दिवा चौकटीत घ्या, मागे अंधार ठेवा. शेडखाली झाकलेल्या दिव्याला वलय जवळजवळ येतच नाही.

८०० हा संवेदनशीलतेचा (आयएसओ) आकडा जरा उदार आहे. मीटर ५०० वर ठेवा आणि धुलाई नेहमीचीच सांगा. प्रकाश कमी पडला की काळी लेस, काळे केस आणि टॅटूची शाई एकजीव हिरवट-करडी होते. स्कॅनमध्ये ओढूनही तपशील येत नाही. ६० वॅटचा पिवळा बल्ब चेहऱ्यापासून ३ फुटांवर असेल तर एफ/१.८ ला १/३० धरा आणि मॉडेलला टेकून बसवा, नाहीतर डोळे हलतात. रोल ३२०० केल्व्हिनचा, म्हणजे पिवळ्या स्टुडिओ दिव्यांसाठी जुळवलेला, त्यामुळे दिव्याखाली त्वचा किंचित उबदार येते आणि खिडकीतली संध्याकाळ गर्द निळी. ही जोडी फिल्टर लावून मारू नका. दिवसाउजेडी मात्र ८५बी हा नारिंगी फिल्टर लागतोच. १६०० पर्यंत पुश (जास्त आयएसओवर टिपून धुलाई वाढवणं) चालतो. त्यापुढे गाल खरखरीत दिसतात.

रोल सावलीत भरा, कारण रेमजेट नसल्याने टोकाकडून प्रकाश आत झिरपतो. गुंडाळताना घाई केली तर कोरड्या हवेत स्थिर विजेचे डाग पडतात.

स्वस्तात मिळणारा, रेमजेट न काढलेला ५००टी याच्या जागी घेऊ नका. तो सी-४१ मध्ये गेला तर रसायन नासतं आणि लॅबवाला पुन्हा दारात उभं करणार नाही.