पुस्तक की एन्कोडर? दाहक रसायनांचे फॉलो-अप चार्ट कोड करताना

आमचं काम मेडिकल कोडिंगचं: अमेरिकेतल्या पेशंटचे चार्ट, म्हणजे डॉक्टरांच्या नोंदी, वाचून प्रत्येक आजाराला आयसीडी या यादीतला कोड लावायचा. तो पुस्तकात शोधायचा, नाहीतर एन्कोडर या सॉफ्टवेअरमध्ये. टीममध्ये नवीन आलेलं पोर दोन-तीन आठवड्यांत हमखास विचारतं, ‘सर, कंपनीचा एन्कोडर आहेच, मग आयसीडीचं पुस्तक स्वतःच्या पैशानं कशाला घ्यायचं?’ प्रश्न रास्त आहे. परीक्षेत पुस्तक लागतं म्हणून सगळेच एकदा घेतात. प्रश्न पुढच्या वर्षीच्या प्रतीचा असतो. मी दोन वर्षं नुसत्या एन्कोडरवर काढली आणि परत पुस्तकाकडे आलो. तेव्हा माझा कल आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढचं वाचताना तेवढं वजा करता येईल.

साधे चार्ट बाजूला ठेवू. ताप, बीपी, शुगर यांना दोन्हींत काही फरक पडत नाही. फरक दिसतो तो ‘टी’ कोडांत, म्हणजे भाजणं-विषबाधा अशा इजांच्या कोडांत, आणि त्यातही अपघातानं कॉस्टिक (दाहक रसायन) पोटात गेलेल्या पेशंटच्या दुसऱ्या-तिसऱ्या व्हिजिटला. अमेरिकेतलं घर, सिंकखाली ड्रेन क्लीनरची बाटली आणि दीड-दोन वर्षांचं मूल, हा चार्ट पीडियाट्रिक जीआय (मुलांच्या पोटाचे आजार) करणाऱ्या प्रत्येकानं पाहिलेला असतो. हे दुखणं तिकडे जुनंच. फिलाडेल्फियाचे डॉक्टर शेव्हालिये जॅक्सन लाय (कॉस्टिक सोड्यासारखी तीव्र अल्कली) प्यायलेल्या मुलांच्या आक्रसलेल्या अन्ननलिका रुंद करून करून इतके वैतागले, की अशा बाटल्यांवर विषाचं लेबल सक्तीचं व्हावं म्हणून त्यांनी सरकारकडे पाठपुरावाच केला. १९२७ साली तो कायदा झाला. बाटल्यांवर लेबलं आली, पण चार्ट अजूनही येतातच.

एन्कोडरची बाजू आधी. वेग त्याचाच. प्रॉडक्शनचं टार्गेट डोक्यावर असताना पानं उलटत बसणं परवडत नाही. १ ऑक्टोबरला कोड बदलतात, मध्ये १ एप्रिललाही भर पडते. एन्कोडरमध्ये ते आपोआप येतं, पुस्तकात पेन्सिलीनं लिहावं लागतं. अर्धवट कोड टाकला तर तो लाल होतो. रिकामी जागा भरणारा ‘एक्स’ कुठे बसवायचा हा घोळही तोच निस्तरतो: अल्कलीच्या टी५४.३एक्स१ मध्ये ‘एक्स’ पाचव्या जागी, तर नाव न कळलेल्या कॉस्टिकच्या टी५४.९१एक्स मध्ये सहाव्या. हे पाठ करायला नको, ही सोय छोटी नाही.

आता माझं दुखणं. आमच्याकडच्या एन्कोडरमध्ये कोडाच्या शेवटच्या, सातव्या अक्षराची खिडकी उघडली की ‘ए’ (सक्रिय उपचार) सगळ्यात वर, आधीच निळा झालेला. खाली ‘डी’ (बरं होतानाची व्हिजिट), त्याखाली ‘एस’ (इजेमुळे मागे राहिलेला त्रास). हात एंटरवर. दिवसाला शेकडो वेळा तोच एंटर दाबणारा हात फॉलो-अपलाही दाबतो. एन्कोडर काही बोलत नाही, कारण टी५४.३एक्स१ए हा कोड पूर्ण आहे आणि वैधही. फक्त या व्हिजिटचा नाही.

एकाच मुलाचे पाच महिन्यांतले चार चार्ट माझ्याकडून असे गेले. पहिल्या दोनांत जखम भरत होती, डॉक्टर नुसती पाहणी करत होते. म्हणजे ‘डी’, आणि क्रमही ठरलेला: आधी टी५४.३एक्स१डी, मग अन्ननलिकेच्या कोरोजनचा (रसायनानं जळण्याचा) टी२८.६एक्सएक्सडी. नंतरच्या दोनांत नोटमध्ये स्ट्रिक्चर (अन्ननलिका आक्रसणं) स्पष्ट लिहिलेलं आणि बलून डायलेटेशन (फुग्यानं ती रुंद करणं) झालेलं. तिथे स्ट्रिक्चरचा के२२.२ पहिला आणि मागून टी५४.३एक्स१एस. मी चारही ठिकाणी ‘ए’ लावून मोकळा. कोड तपासणाऱ्या ऑडिटरनं एकच ओळ लिहिली होती: ‘सेव्हन्थ कॅरेक्टर?’ रीबटल (ऑडिटरला उलट उत्तर) टाकायला तोंडच नव्हतं.

चूक माझीच, हे मान्य. एन्कोडरला दोष देणं म्हणजे नाचता येईना अंगण वाकडं, असंही कोणी म्हणेल. पण पुस्तकात तीच चूक करायला मुद्दाम प्रयत्न करावा लागतो, एवढं नक्की. टी५४ चं पान उघडलं की कोडांच्या आधी चौकट येते, ए-डी-एस तिन्ही एकाखाली एक, कुठलंच आधी निवडलेलं नाही. हातानं लिहायचं म्हटलं की विचार होतोच: आत्ता सक्रिय उपचार चालू आहेत, की मूल बरं होतंय, की हे मागे राहिलेलं काही आहे? डॉक्टर नवीन आहे म्हणून ‘ए’ लागत नाही, तो उपचारावर ठरतो, हेही पुस्तकाच्या सुरुवातीच्या गाइडलाइन्समध्ये छापलेलं असतं. आणि ‘फॉलो-अप’ शब्द दिसला की झेड०९ (उपचार संपल्यावरच्या तपासणीचा कोड) कडे धावणाऱ्यांसाठी तिथेच खडसावलंय: इजेच्या आफ्टरकेअरला झेड नाही, इजेचाच कोड, योग्य सातव्या अक्षरासह.

दुसरी गोष्ट केमिकल टेबलची, म्हणजे रसायनाच्या नावावरून कोड शोधायच्या तक्त्याची. डॉक्टर लिहितात ‘कॉस्टिक इन्जेशन’. सर्च बॉक्समध्ये ‘कॉस्टिक’ टाकलं की वरचा निकाल टी५४.९१, आणि आपण तो उचलतो. पुस्तकाच्या टेबलात त्याच शब्दाखाली आत सरकवलेल्या ओळी डोळ्यांना दिसतातच: अल्कली, पोटॅश, सोडा. मग नोट पुन्हा वाचावीशी वाटते, आणि तिसऱ्या परिच्छेदात ‘लाय’ सापडतं. टी२८.६ खालची ‘आधी केमिकलचा कोड’ ही सूचनाही एन्कोडरमध्ये एका चिमुकल्या चिन्हाआड दडलेली असते. पुस्तकात ती नाकासमोर असते.

पुस्तकही काही धुतल्या तांदळाचं नाही. त्याच टी२८.६ खाली वाय९२ (इजा कुठे झाली त्याचा कोड) जोडा असं लिहिलंय, आणि तो फक्त पहिल्या व्हिजिटला, हे सांगणारी ओळ पार सुरुवातीच्या गाइडलाइन्समध्ये. नुसतं टॅब्युलर (कोडांची क्रमवार यादी) वाचणारा इथे फसतो. मीही फसलोय. शिवाय ते जड आहे, डॉलरमध्ये महाग आहे आणि वर्षात शिळं होतं. काही फ्लोअरवर टेबलावर कागद ठेवू देत नाहीत, तिथे तर हा वादच संपला.

त्यामुळे ज्याच्याकडे बहुतेक ओपीडीचे सरळ चार्ट येतात, त्यानं एन्कोडरवर भागवावं, पैसे वाचतील. इमर्जन्सी, पीडियाट्रिक जीआय किंवा डोळ्यांचे चार्ट, म्हणजे जिथे एकच पेशंट पुन्हा पुन्हा येतो, ते करणाऱ्यानं निदान एक वर्ष पुस्तक जवळ ठेवून बघावं, असं मला आपलं वाटतं. मी मोजदाद ठेवलेली नाही, पण ‘सेव्हन्थ कॅरेक्टर?’ ही ओळ त्यानंतर माझ्या नावावर आलेली आठवत नाही.

सध्या माझी पद्धत अशी: कोड एन्कोडरमध्येच टाकतो, पण ‘टी’नं सुरू होणारा फॉलो-अप आला की आधी पुस्तक उघडायचं. टी५४ च्या पानाला पिवळी चिठ्ठी, केमिकल टेबलाला हिरवी. ऑक्टोबरात नवी प्रत आली की दोन्ही उचकटून तिकडे चिकटवतो, आणि जुनी प्रत ज्या पोरानं प्रश्न विचारला असेल त्याच्या टेबलावर ठेवतो.