मीलवर्मची तीन खणांची पेटी: आठ महिन्यांच्या वापरानंतर

मीलवर्म म्हणजे एका भुंगेऱ्याच्या अळ्या; पक्षी-माशांच्या खाद्यासाठी त्या कोंड्यात पाळतात. पहिल्या महिन्यात मी त्यांच्या या पेटीच्या घट्ट झाकणाचे मनापासून कौतुक केले होते. ते आज मागे घेत आहे. खणांच्या भिंती गुळगुळीत असल्याने अळ्या वर चढत नाहीत आणि भुंगेऱ्यांच्या खणाच्या जाळीतून अंडी कोंड्यासह खाली पडतात, त्याबद्दल तक्रार नाही. तक्रार केवळ झाकणाची आहे.

पाचव्या महिन्यात मधल्या खणाच्या कडेला बदामी रंगाची बारीक पूड साचलेली दिसली. कोंड्याचाच चुरा असेल असे समजून मी तिची चिमूटभर ढिगली काळ्या कागदावर ठेवली. अर्ध्या तासाने पाहतो तर ढिगली सपाट होऊन पूड चहूकडे पसरत होती. ती धान्यातली कोळीकीड (ग्रेन माइट), म्हणजे डोळ्यांना जेमतेम दिसणारे जिवंत जीव होते.

सुरुवातीला मी कोंड्याला दोष दिला. शिल्लक असलेला पाच किलो कोंडा फेकणे जिवावर आल्यामुळे तो आठवडाभर फ्रीजरमध्ये ठेवून वापरला, तरी तीन आठवड्यांत तीच पूड पुन्हा दिसू लागली. मग एका सकाळी झाकण उचलताना नेमक्या गाजराच्या फोडीच्या वर, झाकणाच्या आतल्या बाजूला, दवाचे थेंब दिसले. आत ठेवलेल्या आर्द्रतामापकाने ७८ टक्के दाखवले. साधारण ६५ टक्क्यांच्या वर हवा दमट राहिली की ही कीड झपाट्याने वाढते, आणि या झाकणाला हवा खेळण्यासाठी जेमतेम सहा छिद्रे आहेत. विक्रेत्याला कळवले, तर 'गाजर कमी घाला' एवढेच उत्तर आले. पाण्यासाठी अळ्यांना गाजराचाच आधार असतो, हे पेटी विकणाऱ्याला ठाऊक असायला हवे होते.

शेवटी झाकणाचा मधला भाग कापून तिथे स्टीलची बारीक जाळी चिकटवली. आर्द्रता ५५ टक्क्यांवर आली. पिठातले पतंग जाळीमुळे बाहेरच राहतात. कोळीकीड मात्र कोरड्या हवेनेच आटोक्यात आली.

डायटोमेशियस अर्थ (सूक्ष्म शैवालांच्या जीवाश्मांची बारीक पूड) खणात टाकण्याचा सल्ला अनेक जण देतात. तो कृपया मानू नये. ती पूड कीटकाच्या अंगावरचे मेणाचे आवरण काढून त्याला सुकवून मारते. तिला कोळीकीड आणि आपला भुंगेरा यांतला फरक कळत नाही. मी ती फक्त मांडणीच्या पायांभोवती, बाहेर वापरतो.

एक नुकसान मात्र टळले नाही. कीड लागलेला कोंडा गोठवायचा म्हणजे त्यातली भुंगेऱ्यांची अंडीही जाणार, आणि तशी एक पूर्ण पिढी मला गमवावी लागली. कोष तेवढे एकेक करून मऊ ब्रशने झाडले आणि स्वच्छ कोंड्यात हलवले. भुंगेरे हलवताना अधिक जपावे लागले, कारण या किडीची एक अवस्था दुसऱ्या कीटकांच्या अंगाला चिकटून प्रवास करते.

आता गाजराची फोड सकाळी ठेवतो आणि संध्याकाळी न चुकता काढतो. गेल्या अकरा आठवड्यांत काळ्या कागदावरची ढिगली एकदाही हललेली नाही. दुसरी पेटी मी याच बनावटीची घेणार आहे, पण झाकण वगळून मिळत असेल तरच.